वाफेच्या यंत्राची कुळकथा



चुलीवर किटली ठेवलेली आहे, वाफेच्या जोराने तिचे झाकण खडखडते आहे, एक लहान मुलगा ते टक लावून पाहत बसला आहे, आणि घरातील कोणी वडीलधारी बाई त्याच्या रिकामटेकडेपणाबद्दल त्याला रागे भरते आहे, हे चित्र आपणांपैकी बहुतेकांनी शाळेच्या पुस्तकात पाहिले असेल. तो मुलगा म्हणजे जेम्स वॅट, आणि त्या किटलीतूनच पुढे आगगाडी निघाली, असे गुरुजींनी सांगितले आणि आपण ते मानले. गोष्ट मोठी गोड आहे. परंतु तिच्यात एक अडचण आहे. वॅटचा जन्म 1736 सालचा. त्याच्या आधी चोवीस वर्षे, म्हणजे 1712 साली, इंग्लंडातील एका कोळशाच्या खाणीवर वाफेचे इंजिन धडधडत होते. आणि ते उभारणारा गृहस्थ वॅट जन्मण्यापूर्वी सात वर्षे निधनही पावला होता. तेव्हा किटलीकडे पाहून वॅटला वाफेच्या शक्तीचा शोध लागला, हे म्हणणे आजोबांचे बारसे नातवाने केले असे म्हणण्यासारखे आहे.

मग वॅटने केले काय? आणि त्याच्या आधीच्यांनी काय केले? आज या कुळकथेचा मागोवा घ्यावयाचा आहे. माझे म्हणणे आरंभीच सांगून टाकतो. हे यंत्र कोणा एकाच्या प्रतिभेतून पूर्ण होऊन बाहेर पडले नाही. प्रत्येक पिढीने आधीच्या यंत्रातील एक दोष हेरला, तो दूर केला, आणि असे करताना नवा दोष निर्माण करून पुढच्या पिढीच्या हवाली केला. ज्या काळी दोष पाहण्याची व दाखविण्याची मोकळीक होती, त्या काळी यंत्र पुढे गेले. जेथे ती नव्हती, तेथे ते अडले.

वाफेत जोर असतो हे ज्ञान फार जुने. अलेक्झांड्रियाच्या हेरोने इसवी सनाच्या पहिल्या शतकात वाफेच्या फवाऱ्याने गरगर फिरणाऱ्या गोळ्याचे वर्णन केलेले आहे. पण ते खेळणेच राहिले. खऱ्या इंजिनाचा उगम वाफेत नसून हवेत आहे, हे ऐकून कदाचित आश्चर्य वाटेल. सतराव्या शतकात इटलीतील टॉरिचेलीने हवेला वजन असून तिचा दाब मोजता येतो हे दाखविले. त्यानंतर माग्डेबुर्ग शहराच्या ओटो फोन गेरिके याने तांब्याचे दोन अर्धगोल एकमेकांस जोडून आतील हवा काढून घेतली, तेव्हा दोन्ही बाजूंनी घोडे जुंपूनही ते सुटेनात. बाहेरची हवाच त्यांना दाबून धरीत होती. म्हणजे एखाद्या भांड्यात पोकळी निर्माण करता आली, तर भोवतालची हवा आपल्यासाठी फुकट राबावयास तयार होती. प्रश्न उरला तो एवढाच, की पोकळी वारंवार आणि स्वस्तात कशी करावयाची?

याचे उत्तर प्रथम सुचले दनी पापँ या फ्रेंच पंडिताला. हा 1647 साली ब्ल्वा येथे जन्मला. आज आपल्या स्वयंपाकघरात जो कुकर शिट्ट्या देतो, त्याचा मूळपुरुष हाच. 1679 साली त्याने लंडनमध्ये घट्ट झाकणाचे एक पात्र दाखविले. त्यात हाडेसुद्धा मऊ शिजत. आणि ते फुटू नये म्हणून त्याने त्याला वजन लावलेली सुरक्षा-झडप बसविली होती. 1690 साली त्याने पुढची युक्ती प्रसिद्ध केली. एका उभ्या नळकांड्यात थोडे पाणी, त्यावर दट्ट्या. खाली विस्तव लावला की वाफ दट्ट्या वर उचलते. विस्तव काढून घेतला की वाफेचे पुन्हा पाणी होते, आत पोकळी राहते, आणि हवा दट्ट्याला खाली दाबते. पाण्याची वाफ होताना तिचे आकारमान सोळाशे पटींहून अधिक वाढते. उलट ती निवाली की तितकीच जागा रिती होते. सगळे मर्म एवढ्यात आले.

पण पापँच्या यंत्रात पाणी उकळावयाचे, दट्ट्या हलवावयाचा आणि वाफ निववावयाची ही तिन्ही कामे एकाच भांड्यात होत. एकाच पातेल्यात आधी भात, मग वरण, मग ताक असा संसार करावयाचा, तसा हा प्रकार. या कुळकथेतील पुढील शंभर वर्षांचा इतिहास म्हणजे ही तीन कामे एकमेकांपासून वेगळी होण्याचा इतिहास आहे. पापँचे पुढे बरे झाले नाही. तो प्रोटेस्टंट, 1685 साली फ्रान्सच्या राजाने त्या पंथाचे संरक्षण काढून घेतल्यावर त्याला मायदेश कायमचा तुटला. 1713 च्या सुमारास लंडनमध्ये दारिद्र्यात त्याचा अंत झाला.

इकडे इंग्लंडात खाणी खोल खोल जात होत्या आणि पाण्याने भरत होत्या. आपल्याकडे विहिरीवर मोट चाले तसे तेथे घोड्यांचे रहाट चालत. पण दीडशे फुटांवरून रात्रंदिवस पाणी ओढावयाचे तर घोड्यांच्या चंदीतच खाणीचे उत्पन्न बुडे. 1698 साली टॉमस सेव्हरीने अग्नीच्या साहाय्याने पाणी चढविण्याच्या यंत्राचे पेटंट मिळविले. त्यात दट्ट्या नव्हता. पोकळीने पाणी ओढून घ्यावयाचे व वाफेच्या दाबाने वर ढकलावयाचे. पोकळीने पाणी फार तर तीसएक फूट चढते. त्यापलीकडे जो दाब लागे, तो सोसणारी भांडी त्या काळच्या कारागिरांना बनविता येत नव्हती. यंत्र खोल खाणींना निरुपयोगी ठरले. पण पेटंट मात्र जबरदस्त होते. 1699 साली पार्लमेंटने त्याची मुदत वाढवून 1733 पर्यंत नेली, आणि त्याचा मसुदा इतका ऐसपैस होता की अग्नीने पाणी चढविण्याचा कोणताही मार्ग त्यात यावा.

आता या कथेचा खरा नायक येतो. डार्टमथ गावचा टॉमस न्यूकॉमेन हा लोखंडी सामानाचा व्यापारी आणि आपल्या बॅप्टिस्ट पंथातील उपदेशक होता. विद्यापीठाचे तोंड त्याने पाहिले नव्हते. पण दक्षिण-पश्चिम इंग्लंडच्या खाणवाल्यांशी त्याचा व्यवहार असे व त्यांचे रडगाणे तो रोज ऐके. जॉन कॅली या साथीदाराबरोबर त्याने कित्येक वर्षे खटपट केली, आणि 1712 साली डडली कॅसलजवळच्या खाणीवर आपले इंजिन उभे केले. बॉयलर खाली, नळकांडे वर. दट्ट्या साखळीने एका मोठ्या तुळईच्या एका टोकाला बांधलेला, तर दुसऱ्या टोकाला खाणीतल्या पंपाचा दांडा. पंपाच्या दांड्याच्या वजनाने दट्ट्या वर जाई व नळकांडे वाफेने भरे. मग आत थंड पाण्याचा फवारा सोडला की वाफ निवे आणि हवा दट्ट्याला धाडकन खाली आणी. मिनिटाला असे बारा हेलकावे, आणि प्रत्येक हेलकाव्याला दहा गॅलन पाणी 153 फुटांवरून वर.

या फवाऱ्याची हकीकत मोठी बोधप्रद आहे. आधी न्यूकॉमेन नळकांड्याला बाहेरून थंड करीत असे; काम फार सावकाश चाले. मार्टिन ट्रीवाल्ड या स्वीडिश इंजिनियराने लिहून ठेवले आहे, की एके दिवशी नळकांड्याच्या डाकात राहिलेल्या एका छिद्रातून थंड पाणी आत घुसले, आणि वाफ इतकी झटक्यात निवाली की साखळी तुटून दट्ट्या खाली आदळला. दुसरा एखादा असता तर ते छिद्र बुजवून कपाळाला हात लावून बसला असता. न्यूकॉमेनने ते छिद्र मुद्दाम ठेवले, त्याला तोटी बसविली, आणि इंजिन चालू झाले!

इतके करूनही स्वतःच्या यंत्राचे पेटंट त्याला घेता आले नाही, कारण ते सेव्हरीच्या सनदेखाली येई. मोडके यंत्र सेव्हरीचे, चालते यंत्र न्यूकॉमेनचे, आणि कागद मात्र सेव्हरीचा! सेव्हरीशी आणि त्याच्यामागे त्या पेटंटच्या धन्यांशी जुळवून घेऊनच त्याला धंदा करावा लागला. 1729 साली तो वारला. लंडनच्या बनहिल फील्ड्स स्मशानात त्याला पुरले, पण कबर नेमकी कोठे हे आज कोणालाही दाखविता येत नाही. सनदेची मुदत 1733 साली संपली, तोवर त्याच्या धर्तीची सुमारे शंभर इंजिने उभी राहिली होती.

न्यूकॉमेनने बॉयलर आणि नळकांडे वेगळे केले; परंतु वाफ भरण्याचे आणि ती निववण्याचे काम अजून एकाच नळकांड्यात चाले. म्हणजे प्रत्येक खेपेला तापलेले नळकांडे थंड करावयाचे आणि पुढच्या खेपेला पुन्हा तापवावयाचे. कोळशाची उधळपट्टी भयंकर. कोळशाच्या खाणीवर ही उधळपट्टी कोणाच्या डोळ्यांत येत नसे, कारण तेथे न विकली जाणारी भुकटीच जळे. पण कॉर्नवॉल परगण्यात खाणी तांब्याच्या आणि कथलाच्या. कोळसा वेल्समधून जहाजाने आणावा लागे. तेथे हा दोष खाणमालकाच्या थेट तिजोरीला झोंबू लागला.

हा दोष नेमका जाणला तो जेम्स वॅटने. किटलीपाशी नव्हे, ग्लासगो विद्यापीठातील आपल्या दुकानात! तेथे तो उपकरणे दुरुस्त करी. 1763 च्या हिवाळ्यात विद्यापीठाने न्यूकॉमेनच्या इंजिनाची एक छोटी प्रतिकृती त्याच्याकडे दुरुस्तीस दिली. दुरुस्त झाली तरी ती चारदोन हेलकावे घेऊन थांबे. साधा कारागीर म्हणाला असता, "खेळणेच ते, इतकेच चालावयाचे." वॅटने मोजमाप सुरू केले. त्याला आढळले, की वाफ आपल्या वजनाच्या सहापट थंड पाण्याला उकळीपर्यंत आणू शकते. इतकी उष्णता वाफेत दडते तरी कोठे? त्याच विद्यापीठातील प्राध्यापक जोसेफ ब्लॅक याने सुप्त उष्णतेचा सिद्धांत नुकताच मांडला होता. त्याने उलगडा केला. कारागिराचा प्रश्न आणि पंडिताचे उत्तर एका ओसरीवर भेटले, हे त्या काळी जगात फार थोड्या ठिकाणी घडू शकत होते. 1765 च्या मे महिन्यात एका रविवारी ग्लासगोच्या मैदानावर फिरत असता त्याला युक्ती सुचली: वाफ नळकांड्यात निववूच नये, शेजारच्या वेगळ्या, सदैव थंड पात्रात ती ओढून घ्यावी. नळकांडे सदा तापलेले, संघनक सदा थंड. पापँच्या एका भांड्यातील तिसरे काम अशा रीतीने वेगळे निघाले.

युक्ती आणि यंत्र यांच्यामध्ये मात्र अकरा वर्षे गेली. 1769 साली पेटंट मिळाले. पण पहिला भागीदार जॉन रोबक याचे दिवाळे निघाले आणि पैसा आटला. मग बर्मिंगहॅमचा कारखानदार मॅथ्यू बोल्टन पुढे आला. तरीही अचूक गोल नळकांडे मिळेना. 1774 साली जॉन विल्किन्सन याने तोफा कोरण्यासाठी नवे यंत्र काढले. त्याच जातीच्या यंत्राने नळकांडे नेमके कोरता आले, आणि 1776 साली वॅटची पहिली इंजिने कामावर लागली. विल्किन्सनवाचून वॅटची कल्पना कागदावरच राहिली असती. पण विल्किन्सनचे चित्र शाळेच्या पुस्तकात कोणी पाहिले आहे काय?

येथपर्यंत वॅटचा गौरव करावा तितका थोडा. पुढे त्याने चक्राकार गती साधली, दट्ट्याला दोन्ही बाजूंनी वाफ दिली, फिरत्या गोळ्यांचा वेग-नियंत्रक बसविला, आणि अश्वशक्ती हे मापही रूढ केले. त्यामुळे खाणीवरचे इंजिन गिरणीत शिरले. मौज अशी, की चाक फिरविण्यासाठी साधा क्रँक वापरावा तर त्याचे पेटंट 1780 साली दुसऱ्याने, जेम्स पिकार्डने घेऊन ठेवलेले! वॅटला एका चाकाभोवती दुसरे चाक फिरविण्याची आडवाट काढावी लागली.

ज्याला दुसऱ्याची सनद अशी बोचली, त्याने स्वतःच्या सनदेचे काय केले? 1775 साली पार्लमेंटकडून त्याने तिची मुदत 1800 पर्यंत वाढवून घेतली. न्यूकॉमेनच्या इंजिनापेक्षा जितका कोळसा वाचेल, त्याच्या किमतीचा तिसरा हिस्सा खाणमालकांनी बोल्टन आणि वॅटला द्यावयाचा, असा करार असे. यात गैर काही नव्हते. पण जोनाथन हॉर्नब्लोअरने दोन नळकांड्यांचे इंजिन काढले, एडवर्ड बुलने तुळईवाचून चालणारे काढले, त्या दोघांनाही कायद्याने अडविण्यात आले. 1799 साली अखेरचा निकाल वॅटच्या बाजूने लागला. वॅटचाच हुशार मदतनीस विल्यम मर्डॉक याने 1784 च्या सुमारास लहानशी चालती वाफगाडी बनविली. मालकांनी त्याला त्या नादापासून परावृत्त केले. उच्च दाबाच्या वाफेला तर वॅटचा कट्टर विरोध होता. दुसऱ्याच्या यंत्रातील दोष ज्याने इतक्या बारकाईने शोधला, त्याला आपल्या यंत्रात दोष काढणारा माणूस चोर वाटू लागला! वॅटची निंदा करण्यासाठी मी हे सांगत नाही. यशस्वी माणसाचा, आणि यशस्वी समाजाचाही, हा नेहमीचा रोग आहे.

1800 साली सनद संपली आणि कोंडलेली वाफ मोकळी झाली. कॉर्नवॉलच्या रिचर्ड ट्रेव्हिथिकने संघनकालाच रजा दिली. जोरदार दाबाची वाफ दट्ट्यावर घालावयाची आणि धुराड्यातून हवेत सोडून द्यावयाची. यंत्र लहान झाले, हलके झाले, म्हणूनच चाकांवर चढू शकले. 1804 सालच्या फेब्रुवारीच्या 21 तारखेला वेल्समधील पेनीडॅरन येथे त्याच्या इंजिनाने दहा टन लोखंड आणि सत्तर माणसे रुळांवरून सुमारे दहा मैल ओढून नेली. रूळ ओतीव लोखंडाचे होते, ते भाराने तुटले. म्हणजे आता दोष इंजिनातून रुळांत गेला. वॅटची भीती अगदीच खोटी होती असेही नाही. 1803 साली ग्रिनिच येथे ट्रेव्हिथिकचा बॉयलर फुटून माणसे मेली. त्याने काय केले? उच्च दाब सोडला नाही. बॉयलर फाजील तापताच वितळून वाफ बाहेर सोडणारे शिशाचे बूच बसविले. पुढे तो पेरू देशी खाणींत गेला, अकरा वर्षांनी कफल्लक होऊन परतला, आणि 1833 साली वारला तेव्हा कारखान्यातील सहकाऱ्यांनी वर्गणी काढून त्याला मूठमाती दिली.

ज्या कॉर्नवॉलने मक्तेदारीचा चटका सोसला, त्याच कॉर्नवॉलमध्ये 1811 साली एक लहानसा उपक्रम सुरू झाला. या सबंध कथेत मला तो सर्वांत मोलाचा वाटतो. जोएल लीन या खाणीच्या व्यवस्थापकाने एक मासिक पत्रक काढले. कोणत्या खाणीवरचे इंजिन, त्याची रचना कशी, आणि एका बुशेल कोळशात ते किती पाणी उचलते, हे दरमहा छापून सर्वांपुढे ठेवावयाचे. ज्याचे इंजिन मागे पडले त्याची अब्रू गेली, ज्याचे पुढे गेले त्याची युक्ती सर्वांना कळली. वॅटच्या काळच्या उत्तम इंजिनाने एका बुशेल कोळशात सुमारे दोन कोटी पौंड पाणी एक फूट उचलावे. लीनच्या पत्रकानंतर तीसएक वर्षांत चांगली इंजिने त्याच्या चौपट काम देऊ लागली. कोणा एकाच्या नावावर जमा करावा असा हा शोध नाही. शेकडो इंजिनियरांनी आपापला हिशेब चव्हाट्यावर मांडला, त्याचे हे फळ आहे.

यानंतरची कथा परिचयाची आहे. अठरा वर्षांचा होईतो अक्षरशत्रू असलेला खाणकामगार जॉर्ज स्टीफन्सन. 1825 सालचा स्टॉकटन-डार्लिंग्टन लोहमार्ग. 1829 सालच्या रेनहिलच्या शर्यतीत जिंकलेले 'रॉकेट'. आणि 1830 साली सुरू झालेली लिव्हरपूल-मँचेस्टर रेल्वे. इकडे फ्रान्समध्ये सादी कार्नो या तरुणाने 1824 साली एक प्रश्न विचारला: इंजिन कितीही सुधारले तरी उष्णतेतून जास्तीत जास्त किती काम मिळेल? त्याच्या उत्तरातून उष्णतागतिकशास्त्र जन्मास आले. म्हणजे शास्त्राने यंत्र घडविले इतकेच नव्हे, यंत्राच्या दोषांनी शास्त्रही घडविले.

आता आपल्या दारी येऊ. 1853 सालच्या एप्रिलच्या 16 तारखेला बोरीबंदरहून ठाण्याला पहिली गाडी निघाली. 21 मैलांचा रस्ता, चौदा डबे, सुमारे चारशे निमंत्रित आणि तोफांची सलामी. नाना शंकरशेटांसारख्या आपल्या पुढाऱ्यांनी त्यासाठी खटपट केली होती. न्यूकॉमेनच्या इंजिनानंतर 141 वर्षांनी, पण लिव्हरपूलनंतर अवघ्या 23 वर्षांनी! पाठोपाठ कावसजी दावर यांची कापडगिरणी 1856 साली ताडदेवला वाफेवर सुरू झाली. फळ आपल्याला लवकर मिळाले, हे खरेच. परंतु गिरणीतील आणि रुळांवरील यंत्र आपल्याकडे पूर्ण होऊन, रंग लावून, जहाजातून उतरले. ज्या दोषांच्या पायऱ्या चढून ते येथवर आले होते, त्या पायऱ्या आपल्या पायांखालून गेल्या नव्हत्या.

आपल्या माणसांत बुद्धी नव्हती काय? मुंबईच्या गोदीतील अर्देसर कर्सेटजी वाडिया पाहा. जहाजबांधणीच्या घराण्यातील या पारशी तरुणाने आगगाडीच्या वीस वर्षे आधी मुंबईत स्वतः वाफेचे इंजिन बनविले होते, 1834 साली आपल्या माझगावच्या घरी गॅसचे दिवे लावले होते. 1841 साली लंडनच्या रॉयल सोसायटीने त्यांना सदस्य निवडले. तो मान मिळालेले ते पहिले भारतीय. त्याच वर्षी मुंबईच्या बाष्प-कारखान्याचे मुख्य इंजिनियर म्हणून त्यांची नेमणूक झाली आणि युरोपीय कारागीर त्यांच्या हाताखाली आले. बुद्धी होती, हातही होते. पण त्यांच्याभोवती न्यूकॉमेनच्या खाणी, विल्किन्सनचे कारखाने, ब्लॅकची प्रयोगशाळा आणि लीनचे पत्रक नव्हते. आणि परक्या सरकारला ती येथे उभी करण्याची निकडही नव्हती. रेल्वेची इंजिने दशकानुदशके विलायतेहूनच येत राहिली. अजमेरच्या कारखान्यात 1895 साली एक इंजिन घडले, त्याचे अप्रूप वाटावे अशी स्थिती होती. मोठ्या प्रमाणावर वाफेची इंजिने आपण बनवू लागलो ती 1950 साली, चित्तरंजनला. 1972 पर्यंत तेथे 2351 इंजिने झाली. पण तोवर जगात त्या यंत्राची सद्दी संपत आली होती. ब्रिटिश रेल्वेने आपले शेवटचे वाफेचे इंजिन 1960 सालीच बनविले होते. आपण परीक्षेस बसलो, तेव्हा अभ्यासक्रम बदलत होता.

वाफेचे राज्य मात्र संपलेले नाही. इंजिने संग्रहालयात गेली, तरी चंद्रपूरला किंवा कोराडीला कोळसा जळतो तो पाण्याची वाफ करण्यासाठीच. ती वाफ चार्ल्स पार्सन्सने 1884 साली काढलेल्या टर्बाइनच्या वंशजांना फिरविते. या मंडपातील दिव्यांत तिचा काही अंश असणारच.

वॅटकडे दुरुस्तीला आलेली ती प्रतिकृती आजही ग्लासगोच्या हंटेरियन संग्रहालयात ठेवलेली आहे. किटलीचे चित्र मुलांना अवश्य दाखवावे. पण त्याच्या शेजारी त्या न चालणाऱ्या खेळण्याचेही चित्र लावावे. आपल्या घरी पंखा बंद पडला, पंप अडला, आणि मुलगा तो उघडून बसला, तर आपण त्याला म्हणतो, "हात लावू नकोस, मोडशील." ग्लासगोच्या प्राध्यापकांनी तसे म्हटले नाही. मोडलेली वस्तू त्यांनी एका कारागिराच्या हाती दिली, आणि त्याच्या शंकेला उत्तर देण्यासाठी स्वतः त्याच्या दुकानाची पायरी चढले. एवढी एक रीत जरी आपण घरी, शाळेत आणि कारखान्यात पाळली, तरी या कुळकथेतील पुढचे एखादे नाव आपल्या गावचे असू शकेल.